चतुःसीमेंतील नदी : पुणें शहराच्या पाण्याविषयीं एक टिपण

पुणें शहराचा इतिहास लिहितांना वाड्यांचा, पेठांचा व देवळांचा विचार आजवर पुष्कळ झाला. परंतु ज्या पाण्याच्या कडेला तें वसलें त्याचा विचार बहुधा एखाद्या परिच्छेदांत आटोपतो. मुळा व मुठा यांच्या संगमाजवळचें कसबें एवढें सांगून लेखक शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाजाकडे वळतो. ही राहिलेली बाजू पाहणें हा प्रस्तुत लेखाचा हेतु होय, आणि तो केवळ जिज्ञासेपुरता नाहीं. ता. 25 सप्टेंबर 2019 च्या रात्रीं कात्रजकडील डोंगरांत अतिवृष्टि होऊन आंबिल ओढ्याला पूर आला आणि त्या रात्रींच्या पावसानें शहरांत व आसपास वीसांहून अधिक माणसें दगावलीं. ओढ्याचें पाणी ज्या वस्त्यांत शिरलें तेथें ओढ्याची हद्द पूर्वीं कोठपर्यंत होती, हें शोधूं जाणारा मनुष्य शेवटीं जुन्या नकाशांपाशीं व जुन्या कागदांपाशींच येऊन थांबतो.

नदीचा सर्वांत जुना लेखी उल्लेखहि हद्द सांगण्याच्या निमित्तानेंच आला आहे. राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याच्या शके 690 (इ. स. 768) च्या तळेगांव ताम्रपटांत पूनक विषयांतील दानाच्या गांवांची चतुःसीमा दिली आहे, तींत थिउर म्हणजे थेऊर येतें आणि मुइला नदीहि येते. थेऊर हें संगमाच्या बरेंच खालीं. तेव्हां ताम्रपटांतील मुइला म्हणजे आज जिला आपण मुळा-मुठा म्हणतों तोच प्रवाह होय. जोडनांव मागाहून रूढ झालेलें दिसतें. दान देणाऱ्यास नदी ही न हलणारी खूण वाटली. पुढें हजार वर्षें घराच्या खरेदीखतापासून गांवाच्या महजरापर्यंत हीच रीत चालली आणि त्यामुळेंच आपल्या दप्तरांत पाण्याचा पुरावा जागोजाग पडून राहिला आहे.

शहरापुरतें बोलावयाचें तर नदी एकटी नव्हती. पूर्वेस नागझरी, तिच्यापलीकडे माणिक नाला, आणि कात्रजच्या डोंगरांतून निघून पर्वतीच्या पायथ्यावरून येणारा आंबिल ओढा, अशा वाटांनीं आसपासच्या टेकड्यांचें पाणी मुठेस मिळत असे. यांतील आंबिल ओढ्याचें प्रकरण सर्वांत महत्त्वाचें. तो आज पर्वतीजवळून पश्चिमेस वळून दांडेकर पुलाखालून मुठेस मिळतो. पूर्वीं मात्र तो सरळ उत्तरेस येऊन कसब्याच्या पश्चिम अंगानें वाहत असे. शहाजी राजांच्या जहागिरीच्या काळीं, जिजाबाईसाहेबांचें वास्तव्य पुण्यास असतां, ओढ्याच्या लोंढ्यापासून गांव वांचविण्यासाठीं पर्वतीच्या बाजूस बांध घातला, अशी हकीकत परंपरेनें सांगतात. अस्सल समकालीन कागद हातीं येईपर्यंत ती परंपरा म्हणूनच धरावी. नानासाहेब पेशव्यांच्या कारकीर्दींतील काम मात्र निश्चित आहे. अठराव्या शतकाच्या मध्याला ओढा अडवून पर्वतीचें तळें झालें व त्याच्या बेटावर पुढें सवाई माधवरावांच्या वेळीं, 1784 सालीं, गणपति बसला. सदाशिव, शुक्रवार वगैरे पेठांची वस्ती ज्या भूमीवर दाटली तिच्यांतील कांहीं भाग ओढ्याची वाट मोकळी झाल्यामुळेंच वस्तीस योग्य ठरला, असें अनुमान करण्यास हरकत नाहीं.

तळें म्हणजे शोभा, अशी आपली समजूत झाली आहे, कारण त्यास सारसबाग हें नांव मिळालें. वस्तुतः डोंगराच्या पायथ्याशीं, शहराच्या वरल्या अंगास, उघड्या पाण्याचें असें पात्र असणें म्हणजे लोंढ्यास क्षणभर बसावयास जागा असणें होय. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत तें आटवून बाग केली. बाग उत्तम आहे. पण ओढ्याचें पात्र दोहों बाजूंनीं आवळत चाललें असतां ही जागाहि गेली, ही गोष्ट 2019 च्या पुराचा विचार करणाऱ्यानें विसरूं नये.

याच सुमारास, म्हणजे 1749-50 च्या आगेमागे, कात्रजेस बांध घालून तेथील पाणी पांच-सहा मैल जमिनीखालील बांधीव नळानें शहरांत आणिलें. नळावर ठिकठिकाणीं उच्छ्वास बांधिले, गाळ बसावा म्हणून सोयी केल्या, आणि पाणी काळा हौद, फडके हौद अशा सार्वजनिक हौदांस व शनिवारवाड्यास पुरविलें. पुढें शतकाच्या अखेरीस नाना फडणीसांनीं नऱ्हे-आंबेगांवाहून दुसरा नळ सदाशिव पेठेच्या हौदास आणिला. या कामांची स्तुति पुष्कळांनीं केली आहे व ती यथार्थ आहे. एक विचार मात्र सहसा कोणी मांडीत नाहीं. गांवाचें पिण्याचें पाणी डोंगरांतून येऊं लागलें त्या दिवसापासून गांवाखालच्या नदीच्या पाण्याकडे पिणाऱ्याच्या डोळ्यांनीं पाहण्याचें कारण कमी होत गेलें. पेशवाईंत मुठा निर्मळ होती असें सुचविण्याचा येथें हेतु नाहीं. धुणीं, जनावरें, ओंकारेश्वराच्या बाजूचें स्मशान, सर्व कांहीं तिच्याच काठीं होतें. परंतु शहर लहान होतें, पावसाळ्याचें पाणी अडविलेलें नव्हतें, आणि वर्षांतून चार महिने नदी आपलें पात्र आपण धुऊन काढीत असे.

ती स्थिति खडकवासल्यानें पालटली. 1860 नंतरच्या दशकांतील अवर्षणानें सरकारास जाग येऊन फाईफ या लष्करी इंजिनियराच्या योजनेप्रमाणें धरणाचें काम 1869 च्या सुमारास निघालें व 1879-80 पर्यंत पुरें झालें. लष्करास, शहरास व कालव्याखालील शेतीस त्यानें जें दिलें तें सर्वश्रुत आहे. हल्लीं खडकवासला, पानशेत, वरसगांव व टेमघर मिळून सुमारें 29 अब्ज घनफूट पाणी सांठतें. आठ महिने धरणाखालीं मुठेस स्वतःचें असें पाणी फारसें उरत नाहीं. पात्रांत जें वाहतें तें बहुतांशीं शहरानें वापरून टाकिलेलें. म्हणून नदीच्या आरोग्याचा प्रश्न हा केवळ मैलापाण्याचा नाहीं, अडविलेल्या पाण्याचाहि आहे. मैलापाणी शुद्ध करण्यासाठीं 2016 सालीं जपानी साहाय्यानें 990 कोटी रुपयांची योजना मंजूर झाली, तींत 11 नवीं शुद्धीकरण केंद्रें ठरलीं. शुद्ध झालेलें पाणी मिळावयाचें तें कोणत्या वाहत्या पाण्यास, याचें उत्तर त्या केंद्रांत नाहीं.

हें पाणी पुण्याच्या वेशीवर संपतहि नाहीं. रांजणगांव सांडसापाशीं मुळा-मुठा भीमेस मिळते, भीमा उजनीच्या जलाशयांत शिरते आणि तेथून पंढरीस जाते. आषाढीस पुण्याहून पालखीबरोबर निघालेला वारकरी चंद्रभागेंत ज्या पाण्यांत उतरतो त्यांत पुण्याच्या गटारांचा वांटा असतो. हा आमच्या शहरास भूषणावह प्रकार नव्हे.

ता. 12 जुलै 1961 च्या पानशेतच्या प्रलयाचें वर्णन येथें करावयास नको. तें धरण फुटून आलेलें संकट होतें, पावसाचा नेहमींचा पूर नव्हे. संग्राहकांच्या दृष्टीनें मात्र त्यांत एक निराळें नुकसान झालें. नदीकाठच्या पेठा या जुन्या घराण्यांच्या पेठा. तळमजल्यावरील कोठींत ठेविलेलीं दप्तरें चिखलांत गेलीं, आणि नदीच्या जुन्या हद्दी सांगणारे कागद नदीनेंच नेले असें म्हणण्याची पाळी आली. यामुळें जे उरले आहेत त्यांचें मोल वाढलें.

तें मोल आतां आणखी एका कारणानें वाढत आहे. पुण्याच्याच भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेंतील रॉक्सी व त्यांचे सहकारी यांनीं 2017 सालीं प्रसिद्ध केलेल्या अभ्यासांत, 1950 ते 2015 या काळांत मध्य भारताच्या पट्ट्यांत विस्तृत अतिवृष्टीचे प्रसंग सुमारें तिपटीनें वाढल्याचें दाखविलें आहे. या पट्ट्यांत महाराष्ट्रहि येतो. हवा तापली म्हणजे ती बाष्प अधिक धरिते व तें थोडक्या वेळांत ओतिते, असा त्याचा कार्यकारणभाव आहे. आतां आपल्याकडे पूररेषा दोन : 25 वर्षांतून एकदां येणाऱ्या पुराची निळी, व 100 वर्षांतून एकदां येणाऱ्या पुराची तांबडी. या रेषा मागील मोजलेल्या पावसावरून व पाण्यावरून काढितात. पाऊसच आपली जुनी चाल सोडूं लागला तर शंभर वर्षांचा पूर शंभर वर्षें वाट पाहील, याची हमी कोणी द्यावी? ता. 25 जुलै 2024 रोजीं खडकवासल्यांतून सुमारें 35 हजार घनफूट दर सेकंदास पाणी सोडिलें तेव्हां सिंहगड रस्त्यावरील एकतानगरींत पाणी शिरलें. इकडे 2022 पासून शहरांतील सुमारें 44 किलोमीटर नदीसाठीं काठ बांधून काढण्याची योजना चालू आहे. बांधीव काठानें पात्राची रुंदी कमी होईल, असा तिच्यावर आक्षेप आहे. प्रस्तुत लेखकाचें मत त्या आक्षेपाकडे झुकतें. परंतु मत कोणतेंहि असो, पात्र पूर्वीं किती रुंद होतें हें कागदानें सांगतां आलें पाहिजे.

येथें आमच्या संशोधनपरंपरेचा थोडा दोष सांगणें भाग आहे. पेशवे दप्तरांतून सरदेसायांनीं 45 भाग निवडून काढिले. त्या प्रचंड कार्याचें ऋण सर्वांवर आहे. परंतु निवड साहजिकच राजकारणाकडे वळलेली होती. खासगी दप्तरें तपासणारेहि पानिपताचें पत्र बाजूस काढून ठेवीत आणि नळाच्या डागडुजीचा हिशेब, बांधाच्या दुरुस्तीची वरात, घराचें खरेदीखत हीं 'किरकोळ' म्हणून पुन्हां रुमालांत बांधीत. आज ओढ्याचें पात्र ठरविण्यास तोच किरकोळ कागद उपयोगी पडावयाचा आहे. पश्चिमेस ओढा, दक्षिणेस पाट, अशा चार शब्दांची चतुःसीमा शेजाऱ्यांच्या नांवांसह मिळाली, आणि तीं नांवें पेठेच्या नंतरच्या मोजणीशीं जुळलीं, तर ओढ्याच्या काठाचा एक बिंदु निश्चित होतो. असे दहा-वीस बिंदु म्हणजे एक रेषा. ही रेषा अर्जदारानें काढिलेली नसून पाणी आडवें येत होतें म्हणून लिहिली गेलेली असल्यानें तिच्यावर पक्षपाताचा आरोप करणें कठीण.

तथापि दोन सावधगिऱ्या आवश्यक आहेत. कागदांतील 'ओढा' हा प्रत्येक वेळीं आंबिल ओढाच असेल असें नाहीं. पावसाळी ओघळासहि तोच शब्द लागतो, आणि वळविल्यानंतर कोरड्या पडलेल्या जुन्या वाटेसहि लोक कांहीं काळ ओढाच म्हणत असावेत. तेव्हां कागदाची मिति ओढा वळविण्यापूर्वींची कीं नंतरची, हें आधीं पाहिलें पाहिजे. दुसरी गोष्ट सनाची. सुहूर सन मृगापासून सुरू होतो, म्हणून पावसाळा वर्षाच्या अखेरीस नव्हे, आरंभीं येतो. इहिदे सितैन मया व अलफ, म्हणजे 1161 या सालचा पावसाळा 1760 चा होय आणि त्याच सालांतील पानिपत 1761 चें. पुराची, बांध फुटल्याची किंवा नळ तुंबल्याची नोंद मृग ते कार्तिक या महिन्यांतील असेल तर सुहूर सनांत 599 मिळवावे. 600 मिळविल्यास एका वर्षाचा पूर दुसऱ्या वर्षीं पडेल.