तळटीप १४ : प्रोबेट

१४. मृत्युपत्र खरे असल्याची खात्री करून न्यायालयाने शिक्क्यानिशी दिलेली त्याची प्रत. १९२५च्या भारतीय वारसा कायद्याच्या कलम ५७ व २१३ प्रमाणे, हिंदूचे मृत्युपत्र मुंबई उच्च न्यायालयाच्या मूळ दिवाणी हद्दीत केलेले किंवा तिथल्या स्थावराविषयी असेल, तर प्रोबेटवाचून त्याच्या आधारे कोर्टात हक्क शाबीत करता येत नसे. म्हणूनच अण्णांनी मृत्युपत्र चिपळूणला केले असूनही गिरगावच्या चाळीसाठी प्रोबेट लागले. नुसती कोकणातली जमीन असती तर लागले नसते. मृत्युपत्राची नोंदणी हा प्रोबेटला पर्याय नव्हे. शिवाय प्रोबेटने मालकी ठरत नाही. चाळ अण्णांची स्वकष्टार्जित की एकत्र कुटुंबाची, हा वाद वेगळ्या दाव्यातच सुटू शकत होता.