खून नसलेला खटला

खुनाचा प्रत्यक्षदर्शी साक्षीदार नसला की न्यायालयात आजही ‘हनुमंत’ खटल्याचा दाखला दिला जातो. नवल असे, की त्या खटल्यात खून झालाच नव्हता!

प्रकरण नागपूरचे. शहर तेव्हा राजधानीचे. अबकारी आयुक्त हनुमंत गोविंद नरगुंदकर यांच्यावर सिवनीच्या दारूभट्टीच्या ठेक्यासाठी बनावट टेंडर केल्याचा आरोप होता. नागपूर उच्च न्यायालयाने त्यांना दोषी धरले. २३ सप्टेंबर १९५२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निर्दोष सोडले. न्या. मेहरचंद महाजन यांनी आधार घेतला तो १८३८ च्या एका इंग्लिश खून खटल्याचा. तेथे बॅरन आल्डरसन यांनी ज्यूरीला बजावले होते, की मनाला घटना एकमेकींशी जुळवण्याची हौस असते. प्रसंगी त्यांना थोडे ताणूनही ते साखळी पुरी करते. म्हणून प्रत्येक दुवा आधी स्वतंत्रपणे सिद्ध झाला पाहिजे, आणि निर्दोषत्वाच्या शक्यतेला वाजवी जागाच उरता कामा नये.

१९८४ मध्ये पुण्याच्या सारडा खटल्यात न्या. फजल अली यांनी याच कसोटीचे ‘पंचशील’ मांडले. आरोपी दोषी ‘असू शकतो’ एवढे पुरत नाही. तो दोषी ‘असलाच पाहिजे’. खालच्या दोन्ही न्यायालयांनी फाशी दिलेला तो आरोपी सुटला.