'गोड'चा गोडवा आणि 'शिक'ची शिकवणी : क्रियापदे व विशेषणे यांपासून नामे कशी होतात?

सिंगापूरच्या शाळांत मुले रोज सकाळी राष्ट्रीय प्रतिज्ञा म्हणतात. एस. राजरत्नम यांनी १९६६ साली तिचा मसुदा लिहिला. प्रतिज्ञेत पाच मोठे शब्द आहेत: न्याय, समता, सुख, समृद्धी आणि प्रगती. या पाचांपैकी एकही वस्तू डोळ्यांना दिसत नाही की हातात धरता येत नाही. व्याकरणात अशा शब्दांना भाववाचक नामे म्हणतात. जगातल्या बहुतेक भाषा असे शब्द नव्याने शोधत बसत नाहीत. हाताशी असलेल्या क्रियापदांपासून आणि विशेषणांपासूनच त्या ते घडवतात. घडवण्याची रीत मात्र प्रत्येकीची वेगळी! या लेखात आपण आधी सिंगापूरच्या चार अधिकृत भाषांत डोकावू आणि मग आपल्या मराठीकडे वळू.

शेजाऱ्यांच्या रीती

मलय: ही भाषा बरेचदा शब्दाला दोन्ही बाजूंनी कुंपण घालते, आधी 'के' आणि शेवटी 'आन'. 'आदिल' म्हणजे न्यायी, त्यावरून 'केआदिलान' म्हणजे न्याय. (विजापूरच्या आदिलशाहीतला 'आदिल' तो हाच, मूळ अरबी.) 'बाहागिया' म्हणजे सुखी, हा शब्द आपल्या 'भाग्य'वरून गेलेला, त्यावरून 'केबाहागियाआन' म्हणजे सुख. 'माजु' म्हणजे पुढे जाणे; राष्ट्रगीताच्या 'माजुला सिंगापुरा' या नावातला 'माजु' तो हाच, आणि प्रगती म्हणजे 'केमाजुआन'. कधी नुसता 'आन' पुरतो. 'माकान' म्हणजे खाणे, हे इथे आलेला माणूस पहिल्याच आठवड्यात शिकतो. 'माकानान' म्हणजे खाद्यपदार्थ, आणि 'मिनुम' (पिणे) वरून 'मिनुमान' म्हणजे पेय.

तमिळ: इथे कुंपण नाही, शेपूट आहे. 'सिरि' (हसणे) वरून 'सिरिप्पु' (हसू), 'पडि' (शिकणे, वाचणे) वरून 'पडिप्पु' (शिक्षण). कधी आतला व्यंजनच दुप्पट होतो: 'पाडु' (गाणे म्हणणे) वरून 'पाट्टु' (गाणे). गुण सांगायचा तर 'मै' लागतो: 'इनिमै' म्हणजे गोडवा, 'पुदुमै' म्हणजे नावीन्य.

चिनी (मँडरिन): इथे पुष्कळदा काहीच बदलत नाही. 'शिंगफू' म्हणजे सुखी आणि सुखही. 'जिनबू' म्हणजे प्रगती करणे आणि प्रगतीही. वाक्यातल्या जागेवरून अर्थ कळतो. मात्र एखादी गोष्ट घडवून आणणे म्हणायचे तर शेवटी 'हुआ' लावतात. 'शियानदाइहुआ' म्हणजे आधुनिकीकरण. आपला 'ईकरण' जे काम करतो तेच हा 'हुआ' करतो.

इंग्रजी: हिच्याकडे अनेक घरांतून आलेले प्रत्यय आहेत. 'हॅपी'चे 'हॅपिनेस' हा तिचा स्वतःचा, तर 'ईक्वल'चे 'इक्वॉलिटी' हा लॅटिन-फ्रेंच मार्गे आलेला. आणि 'प्रोग्रेस'मध्ये फक्त जोर सरकतो: नाम असेल तर पहिल्या अवयवावर, क्रियापद असेल तर दुसऱ्यावर.

मराठीची टाकसाळ: क्रियापदांपासून

मराठी व्याकरणात धातूला प्रत्यय लागून झालेल्या शब्दांना कृदंते किंवा धातुसाधिते म्हणतात, तर नामे, विशेषणे यांना प्रत्यय लागून झालेल्या शब्दांना तद्धिते. मोरो केशव दामले यांच्या 'शास्त्रीय मराठी व्याकरण' (१९११) या ग्रंथात यांचा सविस्तर विचार आहे. आपण रोजच्या वापरातले तेवढे पाहू.

१. प्रत्ययच नाही: खेळणे – खेळ, झोपणे – झोप, धावणे – धाव, वाढणे – वाढ, चुकणे – चूक.
२. 'णे': लिहिणे, बोलणे, वागणे. कोणत्याही धातूला लागतो. "त्याचं बोलणं मला पटलं."
३. 'ण': आठवण, शिकवण, राखण, वळण.
४. 'णी': पेरणी, कापणी, मोजणी, मागणी, पाहणी.
५. 'णूक': निवडणूक, गुंतवणूक, वागणूक, फसवणूक.
६. 'आव': ठराव, जमाव, उठाव, बचाव.
७. 'आई': लढाई, चढाई, कमाई. शिलाई, धुलाई यांत कामाबरोबर कामाची मजुरीही येते. मजुरीसाठीच खास प्रत्यय म्हणजे 'णावळ': दळणावळ, शिवणावळ.

गंमत अशी की हेच प्रत्यय क्रियेवरून वस्तूवर उडी मारतात. स्वयंपाकघरातच पाहा ना! लाटायचे ते लाटणे, उलथायचे ते उलथणे, किसायची ती किसणी, चाळायची ती चाळणी, झाकायचे ते झाकण. आणि वाटून तयार होते ते वाटण, पुरून भरतात ते पुरण.

विशेषणांपासून

१. 'पण' आणि 'पणा': शहाणपण, मोठेपण, वेडेपणा, चांगुलपणा. हा सर्वांत मोकळा प्रत्यय. परक्या शब्दालाही चालतो. 'बोअरपणा', 'स्मार्टपणा' म्हणताना कोणी अडखळत नाही.
२. 'ई': उंची, लांबी, रुंदी, जाडी, तसेच गरिबी, श्रीमंती, हुशारी.
३. 'वा': गोडवा, गारवा, ओलावा.
४. 'ता' आणि 'त्व': समता, नम्रता, गुरुत्व. हे संस्कृतातून आले.
५. 'य': हाही संस्कृत, पण हा लागताना शब्दाचा पहिला स्वर फुगतो. अ चा आ, इ-ई-ए चा ऐ, उ-ऊ-ओ चा औ. मधुर – माधुर्य, धीर – धैर्य, एक – ऐक्य, शूर – शौर्य, सुंदर – सौंदर्य.

इथेच एक नेहमीची चूक होते. 'सौंदर्य' हे आधीच नाम आहे, त्याला पुन्हा 'ता' लावून 'सौंदर्यता' करू नये. 'सुंदरता' चालेल, 'सौंदर्य' चालेल. दोन्ही एकदम नको. 'ऐक्यता'चेही तसेच.

एक मूळ, अनेक अर्थ

प्रत्यय बदलला की अर्थही सरकतो. 'गोड' घ्या. चहाचा तो गोडपणा, आवाजातला तो गोडवा आणि वाचनाची लागते ती गोडी. 'थंड'वरून हवेतली थंडी आणि जिवाला मिळणारा थंडावा. 'मागणे'वरून देवापाशी करतो ते मागणे आणि मुलीला घालतात ती मागणी. 'शिकवणे'वरून आजीची ती शिकवण आणि इथल्या मुलांना चांगलीच परिचित असलेली ती शिकवणी! 'समज' तर लिंगावरून अर्थ बदलतो: "माझा असा समज झाला" मधला समज म्हणजे कल्पना, आणि "त्याला समज दिली" मधली समज म्हणजे ताकीद.

मुलांसाठी खरी अडचण : लिंग

सिंगापूरच्या शाळांत मातृभाषा विषय म्हणून भारतीय भाषांपैकी तमिळ, आणि तिच्याखेरीज बंगाली, गुजराती, हिंदी, पंजाबी व उर्दू यांची सोय आहे. मराठी त्यांत नाही, म्हणून आपल्याकडची अनेक मुले हिंदी घेतात. हिंदीत दोनच लिंगे आहेत, मराठीत तीन. हिंदीत 'उसका लिखना', मराठीत 'त्याचं लिहिणं'. हिंदीत 'मेरा बचपन', मराठीत 'माझं बालपण'. शाळेत हिंदी शिकणारे मूल घरी 'माझा बालपण' म्हणाले तर तो त्याचा निष्काळजीपणा नव्हे. एका भाषेचा नियम दुसरीत आला आहे, इतकेच. अशा वेळी सुखद बातमी ही की, घडवलेल्या नामांचे लिंग पाठ करावे लागत नाही, बहुधा प्रत्ययच ते सांगतो:

तो : पणा, वा, आव (मोठेपणा, गारवा, ठराव)
ती : णी, णूक, आई, ई, ता (पेरणी, वागणूक, लढाई, उंची, नम्रता)
ते : णे, पण, त्व, य (बोलणे, बालपण, गुरुत्व, धैर्य)

'ण' मात्र लबाड आहे: ती आठवण, ती शिकवण, पण ते वळण, ते जेवण. आणि प्रत्यय नसलेली नामे ऐकूनच शिकावी लागतात: तो खेळ, ती झोप.

मराठी शाळेत न शिकणाऱ्या मुलाचे शब्द कानावरूनच येणार, आणि ते कान घरातच तयार होणार. 'दुःख', 'राग', 'आपुलकी', 'थकवा' यांसाठी मुलाजवळ मराठी शब्द नसला की मनातली गोष्ट आपोआप इंग्रजीत निघते, आणि भारतातल्या आजीशी फोनवर बोलताना "मी बरा आहे" च्या पुढे गाडी जात नाही. एक सोपा खेळ करून पाहा. जेवताना एक विशेषण किंवा क्रियापद द्यायचे आणि प्रत्येकाने त्याचे एकेक नाम 'तो-ती-ते'सह सांगायचे. 'ओला' म्हटले की ती ओल, तो ओलावा, तो ओलेपणा... मोठ्यांनाही वाटते तितके हे सोपे नाही बरं का!