ड्राय फॉर वेट म्हणजे काय? ‘ॲक्वामॅन’चा समुद्र पाण्याशिवाय कसा तयार झाला?

२०१८ साली आलेल्या ‘ॲक्वामॅन’चा मोठा भाग अटलांटिस या समुद्राखालच्या राज्यात घडतो. तिथले लोक पोहतात, लढतात आणि पाण्यातच निवांत बोलतातही. गंमत म्हणजे यातले बहुतेक सीन शूट होताना कलाकार कोरडे होते! ऑस्ट्रेलियात गोल्ड कोस्टच्या स्टुडिओत, निळ्या पडद्यासमोर हे शूटिंग झालं. शूटिंग कोरड्यात करायचं आणि पाणी नंतर कॉम्प्युटरवर तयार करायचं, या पद्धतीला ‘ड्राय फॉर वेट’ म्हणतात.

खऱ्या पाण्यात शूटिंग का नाही?

मुख्य अडचण संवादांची. पाण्यात बोलायला गेलं की तोंडातून बुडबुडे निघतात, शब्द कळत नाहीत. डोळे उघडे ठेवले तरी समोरचं धूसर दिसतं. मग अभिनय कसा करणार? २०१७ च्या ‘जस्टिस लीग’मध्ये अटलांटिसची पात्रं बोलण्यासाठी पाण्यात हवेची पोकळी तयार करतात. ‘ॲक्वामॅन’चे दिग्दर्शक जेम्स वान यांनी मात्र पात्रांना थेट पाण्यातच बोलायला लावलं.

मग तरंगायचं कसं?

कलाकारांना कमरेपाशी धरणारे रिग वापरले गेले. त्यातल्या एकाचं नाव त्याच्या आकारावरून ‘ट्यूनिंग फोर्क’ पडलं. त्यात अडकवलेला माणूस पुढे-मागे झुकू शकतो. पडद्यावर दिसणारा हा रिग नंतर कॉम्प्युटरवर पुसून टाकतात.

सगळ्यात अवघड काय? केस!

कोरड्या जागी केस खाली लोंबतात, पाण्यात ते तरंगतात. म्हणून कलाकारांचे खरे केस काढून त्या जागी डिजिटल केस बसवावे लागले. माणसाच्या डोक्यावर साधारण १ लाख केस असतात. प्रत्येक केसाचं गणित करत बसलो तर कॉम्प्युटरला प्रचंड वेळ लागेल. म्हणून अशा कामात सहसा काही निवडक ‘गाइड’ केसांचंच सिम्युलेशन करतात. गुरुत्वाकर्षण, पाण्याची उचल, पाण्याचा अडथळा आणि खांद्याला होणारा स्पर्श हे सगळं त्यात मोजलं जातं. बाकीचे केस या गाइड केसांच्या मागे जातात.

डोकं वळल्यावर केस किंचित उशिराने वळतात. हा उशीर चुकला की सीन लगेच खोटा वाटतो.

मग हीच पद्धत सगळ्यात चांगली का?

तसं नाही. ‘अवतार: द वे ऑफ वॉटर’ (२०२२) साठी जेम्स कॅमेरून यांनी कलाकारांना खरोखर टाकीत उतरवलं. केट विन्स्लेटने तर ७ मिनिटांहून जास्त वेळ श्वास रोखला. पण त्या कथेत पाण्याखाली पात्रं हातांच्या खुणांनी बोलतात, त्यामुळे तोंड बंद ठेवून चालतं.

थोडक्यात, पात्रांना पाण्याखाली तोंडाने बोलायचं आहे का, हा प्रश्न आधी विचारावा लागतो. कोरडं शूटिंग केलं तर कलाकाराला मोकळेपणाने बोलता येतं, पण पाण्याचा परिणाम व्हीएफएक्स टीमला फ्रेम-दर-फ्रेम उभा करावा लागतो. पुढच्या वेळी ‘ॲक्वामॅन’ बघाल तेव्हा एखाद्या संवादात चेहऱ्याऐवजी केसांकडे बघा, ही मेहनत लगेच दिसेल.