मोगलाई : वर्धेपलीकडच्या एका शब्दाची कुळकथा

बल्लारपूरहून राजुऱ्याला जाताना वर्धेचा पूल लागला, की आजी एसटीच्या खिडकीतून बोट दाखवायची, "पाय पोरी, मोगलाई लागली." पलीकडे तीच काळी माती, तीच कपाशी, तीच मराठी. मोगल कुठेच दिसायचा नाही.

या नावाचा धागा विदर्भातच सापडतो. 1724 साली बुलढाण्यातल्या साखरखेर्ड्याला निजामुल्मुल्काने मुबारीझखानाला हरवले आणि दख्खनचा सुभा स्वतःच्या मुठीत घेतला. मोगल बादशहाशी नाते मात्र त्याने नावापुरते टिकवले. 1857 पर्यंत हैदराबादच्या नाण्यांवर दिल्लीच्या बादशहाचे नाव उमटत होते. त्यामुळे मराठ्यांच्या लेखी निजाम तो ‘मोगल’ आणि त्याचा मुलूख ती मोगलाई. 1803 च्या देवगावच्या तहात नागपूरकर भोसल्यांनी वर्धेच्या पश्चिमेचा मुलूख सोडला, तो निजामाकडे गेला आणि नदीच शीव ठरली. पुढे इकडे इंग्रज आले. इकडे कलदार रुपया, तिकडे निजामाचा हाली.

शीव माणसांची ओळख कशी घडवते, हे दूरच्या एका उदाहरणातून दिसते. पिरेनीज पर्वतात सर्दान्या नावाचे खोरे आहे. 1659 च्या तहाने ते फ्रान्स आणि स्पेनमध्ये वाटले गेले. सीमेचे दगड रोवले गेले ते दोनशे वर्षांनी. इतिहासकार पीटर सालिन्स यांनी 1989 च्या ‘बाउंडरीज’ या ग्रंथात दाखवले, की कुरणांच्या आणि पाण्याच्या भांडणांत तिथले शेतकरी स्वतःला फ्रेंच किंवा स्पॅनिश म्हणवू लागले. राष्ट्राची ओळख फक्त राजधानीतून येत नाही, ती शिवेवरही घडते.  ‘मोगलाई’ हा शब्दही शिवेवरच्या माणसांच्या तोंडी रुळला.

रुळता रुळता त्याचा अर्थ कडवट झाला. "इथे काय मोगलाई लागून गेली?" म्हणजे इथे कायदा उरला नाही का? 1948 मध्ये निजामी संपली, 1956 मध्ये राजुरा मुंबई राज्यात आले आणि 1959 मध्ये चंद्रपूर जिल्ह्यात. शब्द मात्र मागे राहिला. तिकडे जिवतीच्या चौदा गावांवर दोन राज्यांनी हक्क सांगितला, आणि माणसे दोन्हीकडची रेशनकार्डे जपत राहिली.

प्रत्येक सीमा एका बाजूने बोलते, हे मला आजीकडून कळले. तिची थोरली बहीण राजुऱ्यात दिलेली. तिच्या ओसरीवर बसल्यावर आजीच्या तोंडून हा शब्द कधीच निघाला नाही.