पेन्शन बँकेच्या नफ्यातून येत नाही

सहकारी बँकेच्या निवृत्त कर्मचाऱ्यांनी थकलेल्या पेन्शनसाठी कोर्टाची पायरी चढली, की संचालकांपासून सभासदांपर्यंत एकच युक्तिवाद ऐकू येतो. बँक सरकारी नाही, तिच्यामागे सरकारी तिजोरी नाही. नफा असेल तोवर पेन्शन द्यावी, पण तोटा झाल्यावर ठेवीदारांच्या पैशातून ती का चालू ठेवायची? ठेवीदाराची काळजी खरी असल्यामुळे हा पूर्वपक्ष बिनतोड वाटतो. त्याचा पाया मात्र चुकला आहे. पेन्शन म्हणजे नफ्यातला वाटा, असे त्यात मुकाट्याने गृहीत धरलेले असते.

पंजाब राज्य सहकारी कृषी विकास बँकेचे प्रकरण या दृष्टीने बारकाईने पाहण्याजोगे आहे. या बँकेने 1 एप्रिल 1989 पासून कर्मचाऱ्यांना पेन्शन लागू केली, ती अंशदायी भविष्य निर्वाह निधीच्या बदल्यात. विकल्प भरून देणाऱ्याने निवृत्तीच्या दिवशी हाती येऊ शकणाऱ्या रकमेतला बँकेच्या वर्गणीचा भाग सोडला आणि त्याऐवजी दरमहाचा आधार घेतला. हा रीतसर सौदा होता. कर्मचाऱ्याने आपली बाजू तेव्हाच पुरी केली, बँकेची बाजू पुढच्या वर्षांत फेडायची होती. पुढे बँकेने पैशांची चणचण सांगितली आणि 2014 मध्ये पेन्शनचा नियमच पूर्वलक्षी प्रभावाने वगळून टाकला. 11 जानेवारी 2022 रोजी सर्वोच्च न्यायालयातल्या न्या. अजय रस्तोगी आणि न्या. अभय ओक यांच्या खंडपीठाने हे अमान्य केले. जो हक्क कर्मचाऱ्याच्या पदरात पडला आहे, तो मागच्या तारखेने काढून घेता येत नाही आणि निधी अपुरा आहे हा त्यावर बचाव होऊ शकत नाही, असे न्यायालयाने स्पष्ट केले.

निकालाची मर्यादाही सांगितली पाहिजे. पुढच्या काळासाठी सेवाशर्ती बदलण्याचा मालकाचा अधिकार त्याने काढून घेतलेला नाही. उद्या नोकरीला लागणाऱ्यांना पेन्शन नको असे एखादी बँक ठरवू शकेल. प्रश्न आहे तो आधीच कमावलेल्या पेन्शनचा. पेन्शन ही मालकाच्या मर्जीवरची बक्षिसी नव्हे, हे तत्त्व घटनापीठाने 1982 मध्ये नकारा खटल्यातही सांगितले होते. तो खटला केंद्र सरकारच्या निवृत्तांचा होता, म्हणून त्यातला प्रत्येक निष्कर्ष सहकारी बँकेला जसाच्या तसा लावता येणार नाही. पण केलेल्या कामाचा उरलेला मोबदला म्हणजे पेन्शन, हा विचार मालक कोण आहे यावरून बदलत नाही.

‘पीएफची पेन्शन मिळतेच की,’ असेही म्हटले जाते. महाराष्ट्रात जिल्हा मध्यवर्ती आणि नागरी बँकांतल्या असंख्य निवृत्तांच्या वाट्याला 1995 च्या कर्मचारी पेन्शन योजनेचीच पेन्शन आहे. तिचा हिशेब करून पाहावा. पेन्शनपात्र वेतन गुणिले सेवेची वर्षे, भागिले 70. वेतनाची मर्यादा सप्टेंबर 2014 पासून 15,000 रुपये आहे, त्याआधी ती 6,500 होती. शाखाधिकाऱ्याचा पगार साठ हजार असला, तरी मर्यादेवर वर्गणी भरणाऱ्याच्या बाबतीत 15,000 च धरले जातात. पूर्ण 30 वर्षे या वरच्या मर्यादेने मोजली, तरी महिन्याला 6,428 रुपये होतात. त्यावर महागाई भत्ता नाही, म्हणजे साठाव्या वर्षीचा आकडाच ऐंशीव्या वर्षी. योजनेतली किमान पेन्शन 2014 मध्ये 1,000 रुपये ठरली, ती वाढावी म्हणून बुलढाण्यात निवृत्तांनी वर्षानुवर्षे साखळी उपोषण चालवले. एवढ्याशा रकमेकडे बोट दाखवून बँकेने स्वतः कबूल केलेली पेन्शन बुडवणे मला सरळ अन्याय वाटतो.

राहिला ठेवीदार. त्याच्या पाच लाखांपर्यंतच्या ठेवीला 2020 पासून विम्याचे कवच आहे. बँकेच्या स्वतःच्या पेन्शन निधीतून पेन्शन घेणाऱ्याला तसले काहीच नाही. शिवाय देणेकऱ्यांत कामगार सर्वांत शेवटी, ही समजूतही कायद्याला धरून नाही. महाराष्ट्र राज्य सहकारी बँकेने साखर कारखान्यांच्या तारण साखरेवर पहिला हक्क सांगितला होता. 2009 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो नाकारला आणि कामगारांच्या भविष्य निर्वाह निधीची थकबाकी तारणधारक बँकेच्याही आधी भागवावी, असा निकाल दिला. बँकेच्या स्वतःच्या पेन्शन निधीला तो आपोआप लागू होत नाही, हे खरे. पण कष्टाच्या साठलेल्या पैशाला कायदा कुठे बसवतो, हे त्यातून कळते.

तोट्याचे कारणही तपासायला हवे. बँक अडचणीत येते ती बहुधा वसूल न होणाऱ्या मोठ्या कर्जांमुळे, आणि ती कर्जे मंजूर करतात संचालक. काउंटरवर तीस वर्षे रोकड मोजणाऱ्याच्या हातात ती मंजुरी कधीच नव्हती. पेन्शनचे दायित्व तर अचानक येऊन कोसळत नाही. कोण कधी निवृत्त होणार हे सेवापुस्तकात लिहिलेले असते. नियमित विमागणिती मूल्यांकन करून हिशेबात तरतूद करावी, असे लेखा मानक 15 सांगते. तेव्हा वार्षिक सभेत पेन्शनचा विषय निघाला, तर सभासदांनी निवृत्तांना जाब विचारण्याआधी संचालक मंडळाकडे गेल्या दहा वर्षांची मूल्यांकने मागावीत आणि ती तरतूद कोणत्या वर्षी कमी पडली, का पडली, हे लेखी घ्यावे.