शंभर वॅटचा परवाना

सातारा जिल्ह्यातल्या माण तालुक्यात, म्हसवडच्या आसपास, रेडिओचा काटा ९०.४ वर आणला की माणदेशी तरंग वाहिनी लागते. २००८ मध्ये सुरू झालेले हे केंद्र. शेतीचा सल्ला, आरोग्य, बायकांचे लहानमोठे धंदे आणि माणदेशी गाणी, असा त्याचा संसार. निवेदन ऐकताना बोलणारी बाई इथलीच, हे दुसऱ्या वाक्याला कळते. गावाला आपला आवाज मिळायला इतका उशीर का झाला? यंत्र महाग होते म्हणून नव्हे. अडले होते ते परवानगीपाशी, आणि अशा केंद्रांची कुळकथा म्हणजे मुख्यतः त्या परवानगीचीच कथा आहे.

तिचे मूळ सापडते १८८५ च्या तार कायद्यात. तारायंत्राचा एकाधिकार त्याने सरकारकडे ठेवला. रेडिओ तेव्हा जन्मलाही नव्हता. तो आला आणि त्याच कायद्याच्या कक्षेत गेला. १९३३ च्या कायद्याने तर बिनतारी यंत्र जवळ बाळगायलाही परवाना लागू लागला. पुढे कित्येक वर्षे घरात रेडिओ ठेवायचा तर पोस्टात वार्षिक शुल्क भरावे लागे. नुसते ऐकायलाही जिथे परवाना, तिथे बोलण्याची गोष्टच सोडा.

गंमत म्हणजे भारतात रेडिओची सुरुवात हौशी लोकांनी केली. मुंबईच्या रेडिओ क्लबने १९२३ मध्ये कार्यक्रम प्रक्षेपित केले. २३ जुलै १९२७ ला इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीचे मुंबई केंद्र सुरू झाले. पण ही खासगी कंपनी १९३० मध्येच बुडाली, सरकारने कारभार हाती घेतला आणि १९३६ मध्ये त्याचे ‘ऑल इंडिया रेडिओ’ झाले. स्वातंत्र्य मिळाले तेव्हा भारताच्या वाट्याला सहा केंद्रे आली, सगळी मोठ्या शहरांत.

खेड्याला बोलते करण्याचा एक लक्षणीय प्रयोग पुढे आपल्याकडेच झाला. १९५६ मध्ये युनेस्कोच्या मदतीने पुणे, अहमदनगर, नाशिक, उत्तर सातारा आणि कोल्हापूर या पाच जिल्ह्यांत सुमारे दीडशे गावांत श्रोतामंडळे बसली. आठवड्यातून दोनदा गावकरी एकत्र जमून कार्यक्रम ऐकत, मग त्यावर चर्चा करत आणि प्रश्न पुण्याच्या केंद्राला कळवत. गावाला बोलायचे आहे हे त्यातून स्वच्छ दिसले. पण उत्तर यायचे ते पुण्याहूनच. ध्वनिक्षेपक काही गावाच्या हाती आला नाही. आकाशवाणीने पहिले स्थानिक केंद्र काढले ते १९८४ मध्ये, तमिळनाडूत नागरकोविलला. मागोमाग महाराष्ट्रातही जिल्ह्याच्या ठिकाणी अशी केंद्रे आली. बोली जवळची झाली, मालकी मात्र दिल्लीचीच राहिली.

कोंडी फुटली ती क्रिकेटमुळे. १९९३ च्या हिरो कप स्पर्धेचे प्रक्षेपण कोणी करायचे यावरून बंगाल क्रिकेट संघटना आणि सरकार यांच्यात जुंपली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले. ९ फेब्रुवारी १९९५ ला न्या. पी. बी. सावंत यांच्या पीठाने निकाल दिला की रेडिओलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे आणि तिचा वापर लोकहितासाठीच झाला पाहिजे. वाद होता सामन्यांचा. आधार मिळाला तो खेड्यापाड्यांत रेडिओ मागणाऱ्यांना.

तरी कागद हलायला वेळ लागला, आणि लोकांनी तोवर पळवाटा काढल्या. कर्नाटकात बुदिकोटे गावी ‘नम्म ध्वनी’वाल्यांनी आपले कार्यक्रम केबल टीव्हीच्या तारांतून घरोघर पोचवले; तारेतून गेले की हवेचा परवाना नको. तेलंगणात झहीराबादजवळच्या माचनूरला दलित शेतकरी बायका वर्षानुवर्षे कार्यक्रम ध्वनिमुद्रित करून कॅसेटवर आपल्या संघांच्या बैठकींत ऐकवत राहिल्या. बिहारमधल्या मन्सूरपूरच्या एका रेडिओ दुरुस्तीवाल्याने तर सुट्या भागांतून पन्नासेक रुपयांत ट्रान्समीटर जुळवला आणि बांबूला बांधून गावावर गाणी सोडली. २००६ मध्ये परवाना नाही म्हणून ते केंद्र बंद करण्यात आले. यंत्राची किंमत पन्नास रुपये; अडला तो कागद.

२००२ च्या सामुदायिक रेडिओ धोरणाने दार उघडले, पण फक्त शिक्षणसंस्थांना. १ फेब्रुवारी २००४ ला चेन्नईच्या अण्णा विद्यापीठाचे केंद्र बोलू लागले. पुणे विद्यापीठाची ‘विद्यावाणी’ही त्याच वाटेने आली. नोव्हेंबर २००६ मध्ये स्वयंसेवी संस्थांनाही मुभा मिळाली. तेव्हाच्या अटी अशा: संस्था किमान तीन वर्षे जुनी हवी, शक्ती शंभर वॅट, अँटेना जमिनीपासून तीस मीटरपर्यंत, निम्मा तरी मजकूर स्थानिक आणि तासाला पाच मिनिटे जाहिराती. एफएमच्या लहरी साधारण सरळ रेषेत जातात, मध्ये डोंगर आला की आवाज विरतो. त्यामुळे एवढ्या शक्तीत पाच-दहा किलोमीटरचा परिसर येतो. १५ ऑक्टोबर २००८ ला माचनूरच्या बायकांचा ‘संघम रेडिओ’ अखेर हवेत गेला आणि त्याच वर्षी म्हसवडही.

म्हसवडला कागदाशी झुंजायची सवय आधीपासून होती. सामाजिक कार्यकर्त्या चेतना सिन्हा आणि माणदेशी बायकांनी महिला बँक काढायचे ठरवले तेव्हा रिझर्व्ह बँकेने पहिला अर्ज फेटाळला. प्रवर्तक बायकांना लिहितावाचता येत नव्हते. त्या शिकल्या, पुन्हा गेल्या, व्याजाचा हिशेब तोंडी करून दाखवायची तयारी ठेवून. १९९७ मध्ये बँक उभी राहिली. रेडिओ तिच्याच घरातला.

परवाना मिळाला तरी तो पुरता मिळालेला नाही. २००६ च्या नियमांनी या केंद्रांना बातम्या आणि राजकीय कार्यक्रम वर्ज्य केले. पुढे आकाशवाणीच्या बातम्या देण्याची सोय झाली, एवढेच. म्हणजे म्हसवडच्या केंद्राने दिल्लीची बातमी ऐकवली तर चालते, पण आपल्या नगरपालिकेत काल काय घडले याचे बातमीपत्र स्वतः काढायचे म्हटले की नियम आडवा येतो. ज्या गावासाठी हे केंद्र मागितले, त्या गावाची बातमी सांगण्याचा हक्क मिळेपर्यंत ही कुळकथा अपुरीच राहील.